माय टीव्हीशी बोलते

वडपळनी, चेन्नई
बुधवार

प्रिय अण्णा,

आणि दर वेळेला शेवटी तू हेच म्हणतोस, की मला तिथलं काय कळतंय. न्हाई कळत, कबूल. मी सहावीतनं उठलेला माणूस. तुझ्या बसूची बारावी म्हंजे घरावर काय आलेलं असतं ते मला कुठून ठाऊक? लातुरात बारावीचं लेकरू घरात असलं की केबल तोडतात, पाहुण्यांना येऊ नका म्हणून सांगतात, कुकरच्या शिट्ट्यासुद्धा अभ्यासाच्या वेळा बघून काढतात, हे सगळं तू मागच्या फोनवर ऐकवलंस आणि मी ऐकून घेतलं. पण त्या घरात बसू एकटा राहतो का रे? तुझ्या मेसमधला टीव्ही उचलून माळ्यावर टाकलास तवा त्याच्यासमोर रोज कोण बसत होतं, ते तुला दिसलं न्हाई? बरं, केबल तोडून भागलं असतं तर मी गप बसलो असतो. मायला नांदेडला नेलंस, डोक्याच्या डॉक्टरला दाखवलंस, गोळ्या चालू केल्यास, आणि मला पत्ता न्हाई. आपल्या गावचा जिलानी आता लातुरात केबलचं काम करतो, तुझी वायर तोडायला तोच आलता, त्याला राहवलं न्हाई म्हणून मला कळलं. म्हणला, "मलप्पा, तुझी माय भर दुपारी झोपली होती. उठवलं तर माझ्याकडं नुसती बघून राहिली. वळखलंच न्हाई." जिलानीला, अण्णा! लहानपणी ज्याला तिनं आपल्या दोघांच्या ताटात जेवू घातलं.

तुझी बाजू मला पाठ हाय. फोनवर किती वेळा ऐकली. माय टीव्हीशी बोलते. सीरियल लागली, बातम्या लागल्या की गप असते, पण मारामारीचा सिनेमा लागला की सुरू होते. लसूण सोलता सोलता मधीच मान वर करून म्हणते, "जेवले रे बाबा." एकदा म्हणली, "गुडघा बरा हाय आता." एकदा तर, "तो लाल सदरा नको घालत जाऊ, चांगला दिसत न्हाई." आणि तोच सिनेमा परत लागला की तिथंच मान वर करून परत तेच उत्तर. मेसची पोरं हसतात. "आजी, त्या गुंडाला बी एक ताट वाढा की!" म्हणतात, आणि तिला ऐकू येत न्हाई म्हणून ती बी त्यांच्यासोबत हसते. दोन पोरांनी मेस बदलली, म्हातारीचं डोकं फिरलंय तिच्या हातच्या चपात्या नको म्हणाली, वहिनीला तोंड वर काढायला जागा उरली न्हाई. हे सगळं खरं असंल. तुझं पोट त्या मेसवर हाय, बसूचा क्लास त्या मेसवर हाय, गावाकडचं घर कुलूप लावून तू त्या दोन खोल्यांत राहून राहिलास. मी तुला वाईट म्हणत न्हाई. एवढंच विचारतो, नांदेडच्या बसमधी बसताना तिला काय सांगितलंस? का सांगितलंच न्हाई? गुरुद्वारा बघायला चाललोय असंच वाटलं असंल तिला.

कारण तिला सांगायचं कसं हे तुला कधी जमलंच न्हाई. राग मानू नको. भूकंपात भिंतीखालनं तिला काढलं तवा तू बाबाच्या मातीमागं होतास, पंचनाम्याच्या मागं होतास, तुझ्या मांडीवर बसू होता, एक वर्साचा. मी धा वर्साचा रिकामा. पत्र्याच्या शेडमधी तिच्यापाशी मीच बसायचो. कान गेलेत म्हटल्यावर सगळा गाव येऊन तिच्या कानापाशी वरडायचा. आत्या वरडायची, सरपंच वरडायचा, मिल्ट्रीचा डॉक्टर बी हिंदीतून वरडायचा. ती घाबरून माझ्याकडं बघायची. मग मी तिच्यासमोर बसून आवाज न काढता तोंड मोठं करून एकेक शब्द म्हणायला लागलो. पा-णी. भा-कर. बाबाचं नाव निघालं की मी तोंड मिटायचो, तर ते बी तिनं वाचलं. थंडी सरेपतोर ती माझ्या तोंडावरनं सगळं वाचायला लागली, अंधारात कंदील माझ्या हनुवटीखाली धरायची आणि म्हणायची, बोल आता. तंबूतल्या शाळेत हीच सवय घेऊन गेलो. मास्तर पाठमोरे झाले की मी बसल्या जागी ओठ हलवायचो, तर मला वेडावतो म्हणून त्यांनी थोबाडीत दिली. तिथून माझी शाळा सुटली, हे तुला माहीत हाय, पण कशापायी ते आज सांगून राहिलो.

आणि हेच तोंड पुढं पोटाला लागलं. नवीन गावठाणात पाण्यासाठी तमिळनाडूची बोअरची गाडी आली, मी तिच्यावर चढलो आणि गेलो, त्याचा तुझा राग अजून उतरला न्हाई. बोअर चालू असला की बाजूच्याचं ऐकू येत न्हाई. गाडीवरचे सगळे हातवारे करून थकायचे, मी मात्र ओठांनी बोलायचो आणि मोडक्या तमिळमधी असून बी समोरच्याला कळायचं. हितं एका स्टुडिओत बोअर मारून राहिलो होतो तवा मारामारी शिकवणारा एक मास्तर ते बघत उभा होता. त्यानं विचारलं, हा मुका हाय का? न्हाई म्हटल्यावर म्हणला, उद्या ये. उंची होती, मिशा होत्या, रंग त्यांच्या मते उत्तरेकडचा होता. झालो मी हिंदीवाला गुंड. नायक यायच्या आधी कुणा गरिबाला दम द्यायचा आणि नायक आला की मार खायचा. तू म्हणायचास, "मार खायचे पैसे मिळतात म्हणं आमच्या हिरोला!" मिळायचे की. हितं सगळ्यांनाच अण्णा म्हणावं लागतं, चहावाल्यापासून मारणाऱ्यापतोर, मी म्हणायचो. पण दरवेळी तुझंच तोंड डोळ्यांपुढं यायचं.

तमिळ वाक्य माझ्या ध्यानात राहायचं न्हाई. पहिल्या दिवशी डायरेक्टर लई तापला. त्याचा असिस्टंट कानात म्हणला, घाबरू नको, तुझ्या भाषेत आकडे म्हण, एक दोन तीन चार, फक्त डोळे वटार. आवाज नंतर दुसरा माणूस देतो. तसंच झालं. इतक्या सिनेमांत मी बोललो, पण माझा आवाज एकात बी न्हाई. तमिळमधी एक जण बोलतो, मग ते हिंदीत करतात तवा दुसराच कुणी बोलतो. लोक मला रस्त्यात गाठून म्हणायचे, काय भारी आवाज हाय तुमचा, आणि मी मान हलवायचो. दोन वर्स बरी गेली. खलनायकाचा धाकटा भाऊ झालो, सिनेमाच्या पाटीवर नाव आलं, चहावाला पैसे घ्यायचा न्हाई. त्याच दिवसांत, तीन वर्सांमागं, दसऱ्याला आलो होतो. मेसची पोरं भोवती जमली, दम द्या म्हणाली, मी दिला, सगळी हसली, बसू बी हसला. तू मला बाहेर बोलावलंस आणि गटारीच्या कडेला उभं करून म्हणलास, "याचं मार्गी लागेस्तोवर हिकडं फिरकू नको. त्याला तुझ्यासारखं व्हायचं न्हाई." मी फिरकलो न्हाई.

जबड्याला जरासं लागलंय असं मी तुला सांगितलं होतं. जरासं नव्हतं. रस्सीवरची मारामारी होती, नायकाच्या जागी उडणाऱ्या पोराचा अंदाज चुकला, त्याचा बूट बसला. तार घालून जबडा बांधला, तार काढली, तरी डाव्या अंगानं तोंड नीट उघडत न्हाई आणि मिटत बी न्हाई. त्या पोराचा काय दोष न्हाई, तो दवाखान्यात येऊन रडला. एका डायरेक्टरनं दया येऊन त्यानंतर एक काम दिलं, तर आवाज देणारा माणूस वैतागला, म्हणला याच्या ओठांवर वाक्यच बसत न्हाई. तिथून माझ्यासमोर कॅमेरा आला न्हाई. आता गर्दीत उभा राहतो, ते बी पाठमोरा. मागच्या महिन्यात प्रेत झालो होतो. मला वाटलं, प्रेताचं तोंड तरी दाखवतील, मिटून ठेवायचा सराव केला. त्यांनी तोंडावर कापड टाकलं. बोअरच्या गाडीवर परत जावं म्हटलं तर ते म्हणतात, एवढ्या वर्सांत हात नरम झाले तुझे. खोलीतला जोडीदार सोडून गेला. मी सकाळी युनियनच्या फाटकावर उभा राहतो आणि दुपारी परत येतो. दुसरं सांगण्यासारखं न्हाई.

आता हे पत्र कशासाठी लिहिलं ते ऐक, आणि बसूला ऐकू जाऊ नये म्हणून का होईना, मनातल्या मनात वाच. अण्णा, माय टीव्हीशी बोलत न्हाई. ती माझ्याशी बोलते. आकडे म्हणून म्हणून मी कंटाळलो होतो, आणि फोनवर तिला ऐकू येत न्हाई, पत्र तिला वाचता येत न्हाई, मग एकदा कॅमेरा तोंडासमोर आल्यावर मी चाकू उगारून म्हटलं, "माय, जेवलीस का?" वर्साभरानं तू फोनवर वैतागून सांगितलंस की म्हातारी टीव्हीला "जेवले रे बाबा" म्हणते, तवा मी हितं फूटपाथवर खाली बसलो. मग प्रत्येक सिनेमात, जिथं माझं तोंड जवळून दिसंल तिथं, मी तिलाच विचारत गेलो. गुडघा कसा हाय, विचारलं. सदरा कसा दिसतो, विचारलं. वरून हिंदीतला माणूस काय दरडावतो ते तुम्हाला ऐकू येतं, तिला येत न्हाई. तिला नुसते माझे ओठ दिसतात. सिनेमा परत लागला की मी परत विचारतो, ती परत सांगते. विचारल्यावर उत्तर देणं याला येडेपणा म्हणतात का? आमच्या दोघांचं तेवढंच होतं म्हणून मी आजवर कुणाला बोललो न्हाई; त्यापायी तिला गोळ्या खाव्या लागतील हे माझ्या स्वप्नात बी नव्हतं. दया येऊन दिलेलं ते शेवटचं काम येत्या रविवारी दुपारी हिंदीत लागणार हाय, जिलानीला चॅनेल माहीत हाय. शनिवारपासून तिची गोळी बंद ठेव म्हंजे ती जागी राहील. टीव्ही माळ्यावरनं काढ, बसूला तेवढा वेळ क्लासला बसव. मी पुलाखाली टेम्पोला टेकून उभा हाय, गळ्यात मफलर हाय, नायकाच्या काकाला जमिनीच्या वादावरनं धमकावतोय. त्यावेळी तू टीव्हीकडं बघू नको, मायकडं बघ, आणि ती काय म्हणते ते ऐक. तुला पटावं म्हणून लाज सोडून वाक्य आधीच लिहून ठेवतो. हे मी दुसऱ्या कुणाला सांगितलेलं न्हाई. मी म्हटलंय, "माय, माझं हितं जमलं न्हाई. अण्णाला सांग, मला बोलवून घे." तिच्या तोंडून हेच आलं, तर गोळ्या फेकून दे. न्हाई आलं, तर बिघाड माझ्या ओठांत हाय, तिच्या डोक्यात न्हाई, एवढं तरी धर. आणि आलंच, तर पुढचं तुझ्यावर सोपवलं. मी होऊन विचारणार न्हाई. केबल परत जोडायचे आणि एका महिन्याचे मिळून जिलानीनं जेवढे सांगितले तेवढ्याची मनीऑर्डर आजच केली, त्याच्याहून जास्त माझ्यापाशी न्हाईत: दोनशे चाळीस रुपये.

तू ठेवशील तिथं राहणारा, तुझाच,
मलप्पा