हिरव्या सालीची दारू

१३ ऑगस्ट

बाबांनी ओतून दिली! अख्खी बाटली, मोरीत, ओबोनला, पितरांच्या सणाला, जमलेल्या सगळ्या पाहुण्यांसमोर.

तीन वर्षं तोक्योच्या बारमध्ये उभी राहिले, मग इथे परत आले, जाळी ठेवायच्या जुन्या शेडमध्ये तांब्याची छोटी भट्टी बसवली, परवाना मिळवला. आज माझ्या जिनची पहिली बाटली बाबांसमोर ठेवली. त्यांनी नुसता वास घेतला. "हे केसांना लावायचं तेल आहे," म्हणाले, आणि उठले. काका हसले. आईने भाजलेला मासा माझ्याकडे सरकवला, जणू मी परीक्षेत नापास झालेय.

बाबा रताळ्याची शोचू गाळतात. त्यांचे बाबाही तेच गाळायचे. आमच्या गावात दारू म्हणजे रताळं, बाकी सगळं औषध.

मी म्हटलं, "बरं. उद्या दुसरी गाळते."

१४ ऑगस्ट

गाळली.

२१ ऑगस्ट

आज वाळत घातलेल्या कपड्यांवर परत ज्वालामुखीची राख. झटकून तशीच गावातल्या हात्सुए आजींच्या डोंगरावर गेले. त्यांच्या उतारावर दाइदाइची, कडू संत्र्यांची, झाडं आहेत — हिरवी, काटेरी. आता कुणी विचारत नाही त्यांना. दुकानात गोड संत्री मिळतात ना! आजींचा मुलगा फोनवर सारखा म्हणतो, तोडून टाक.

"दारूत घालणार?" आजींनी विचारलं. "तुझा बाप ओरडला असेल, शिगेनोरी."

"ओरडले."

"मग घालच."

पिशवीभर दिली. वर गेत्तोची पानंही तोडून दिली, ज्यात त्या भाताचे गोळे उकडतात. हात काट्यांनी ओरबाडून निघाले. गाडीभर तो वास! खिडकी उघडलीच नाही मी.

३ सप्टेंबर

तोक्योहून मिझोगुची साहेब आले होते. मोठ्या दुकानांना माल पुरवतात. एवढ्या लांब माझ्यासाठी आले! आईने चांगल्या कपांतून चहा दिला.

त्यांनी चाखली. डोळे मिटले. म्हणाले, "सुरेख. घेतो. फक्त यात चेरीची फुलं घाला. आणि माच्चा, हिरव्या चहाची पूड. बाहेरच्या लोकांना जपानचा वास हवा असतो."

"इथे चेरीची दारू करण्याइतकी फुलं कुठली? माच्चाही होत नाही. इथे दाइदाइ आहे."

"अहो, ते कोण ओळखतं? फुलं मागवता येतात. ग्राहकाला काय कळणार, कुठून आली?"

"मला कळेल ना."

ते हसले. मला वाटतं, त्यांना वाटलं मी भाव खातेय. मी बाटली उचलून बूच लावलं. मग नाही हसले.

गाडी गेल्यावर आई शेडच्या दारात उभी. "चालून आलेलं काम लाथाडलंस. बापावर गेलीयस अगदी." हे ती कौतुकाने म्हणत नाही. जेवताना बाबा एवढंच म्हणाले, "हाकललंस म्हणे."

"हो."

त्यांनी मुळ्याचं लोणचं वाढून घेतलं. संपलं.

४ सप्टेंबर

चुकले का?

नाही.

१६ सप्टेंबर

आता पानं आणि मसालाही घालून बघतेय. तीन वेळा फसली. एकदा सांशो जास्त — तिरफळाच्या जातीचं ते, जीभ दुपारपर्यंत बधिर! एकदा पानं जास्त शिजली, उकडलेल्या गवतासारखी लागली. एकदा साल जाड निघाली, कडू जहर. सगळी फेकली. शेजारचे माकिझोनो काका कुंपणावरून म्हणतात, "काय गं किरिए, गोगलगायी मारायचं औषध का?" मी म्हटलं, "तुमच्यावर करून बघू?"

आजची चौथी. तांदळाची दारू, जिनला लागतात ती जुनिपरची फळं, दाइदाइची पातळ हिरवी साल, गेत्तोचं एकच पान, सांशो चिमूटभर. पहिली धार टाकून दिली. मधली धार हातावर घेतली — आणि आजींच्या उतारावर उभी असल्यासारखं झालं. नखाने साल फोडल्यावर जो वास उडतो, तो! शेडमध्ये एकटीच टाळ्या वाजवल्या. वेडी म्हणालं असतं कुणी.

संध्याकाळी डोक्यात आलं: बर्फ कशाला? इथले लोक शोचू गरम पाण्यात घेतात. करून पाहिलं. वास दुप्पट झाला.

२८ सप्टेंबर

कोळ्यांच्या सभागृहात शरदाचं जेवण होतं. बाबांनी सकाळीच बजावलं होतं, "तिथे ती बाटली न्यायची नाही. माझी अब्रू आहे गावात."

दोन नेल्या.

"आली शिगेनोरीची अत्तरवाली!" माकिझोनो काका दारातूनच. सगळे खो खो. कान तापले माझे. पण किटली उचलली, पेल्यांत गरम पाणी ओतलं, वरून माझी. कुणी हात लावेना. सगळे बाबांकडे बघतायत, बाबा टेबलाकडे.

मग हात्सुए आजी काठी टेकत पुढे आल्या. पेला उचलला, प्यायल्या. थांबल्या. "हे माझं झाड आहे," म्हणाल्या. बस. त्यांच्या मागून माकिझोनो काका — "आजी मेली नाही, मग मीही घेतो." मग त्यांनी दुसरा मागितला. मग तिसरा. दोन्ही बाटल्या संपल्या!

बाबांनी थेंब घेतला नाही. उठून एकटेच घरी चालत गेले. मी मागे धावले नाही. दारातूनच ओरडले, "नका पिऊ! मी थांबणार नाहीये!" वळले नाहीत.

६ ऑक्टोबर

शेतात गेले होते. बाबांना जेवायला हाक मारायची म्हणून. ते वेलांमध्ये उकिडवे बसलेले. हातातला वेल मुळाशी काळा पडलेला, दाबला की पाणी. शेजारची अख्खी सरी तशीच. पुढचीही. उकरलं तर रताळी आतून सडलेली. दोन वर्षं इतर गावांतून ऐकत होतो या रोगाबद्दल. आला.

आमचंच नाही, आम्हाला रताळी घालणाऱ्या सगळ्यांचं गेलं. आई म्हणाली, "दुसऱ्या जिल्ह्यातून मागवा की. सगळे तेच करतायत. कुणाला कळणार आहे?"

बाबा म्हणाले, "मला."

आई माझ्याकडे बघत राहिली. मी भात चिवडत बसले.

८ ऑक्टोबर

बाबा शेत जाळतायत. सांगितलं नाही कुणाला. मदतीला गेले तर म्हणाले, "जा, तुझं काम कर." गेले नाही. फावडं घेतलं. दिवसभर वेल उपटून ढीग लावले. धुराने दोघांचेही डोळे लाल.

१० ऑक्टोबर

सकाळी शेडचं दार वाजलं. बाबा. डोक्याला फडकं बांधलेलं, स्वतःची सुरी हातात. त्यांच्या मोठ्या शोचूच्या भट्टीखाली यंदा जाळ नाही.

"कुठली सोलायचीत?"

दाइदाइची टोपली पुढे केली. खाली बसले, माझ्यापेक्षा खाली, पायरीवर. पहिली साल सोलून दाखवली. जाड होती.

"पातळ सोला," मी म्हटलं.

"हो," म्हणाले, आणि दुसरं फळ उचललं.