निगेटिव्ह आलेलं रक्त

डॉ. सुलेखा मॅडम, घडलं ते असं:
१. ९ मार्चला कालवडींना ब्रुसेलोसिसची जिवंत लस टोचताना कामगार श्रीनिवासच्या अंगठ्यात सुई गेली.
२. त्याच वेळी लस माझ्या डाव्या डोळ्यात उडाली.
३. २४ मार्चला दोघांचं रक्त मी तपासलं. निगेटिव्ह. सही माझी.
४. तो रिपोर्ट चुकीचा आहे.
परळला तुम्ही शिकवलेली विद्यार्थिनी म्हणून रोजनिशीची पानं जोडते.

सोमवार, ६ मार्च २००६
सिंगापूरला, लिम चू कांगच्या गोठ्यावर पोचले. परळच्या पशुवैद्यक कॉलेजनंतरची पहिली नोकरी, आणि खोलीची खिडकी थेट गोठ्यावर उघडते. यापेक्षा काय हवं! मांसाच्या जातीच्या साठ कालवडी इथे महिनाभर राहून, लस घेऊन पुढे जहाजाने जातील. मॅनेजर प्रबोध सर मूळचे डोंबिवलीचे, आता इथले पीआर, म्हणजे कायमचे रहिवासी. म्हणाले, इथे बैलालासुद्धा पास लागतो, तुम्ही-आम्ही कोण!

गुरुवार, ९ मार्च
सकाळी ब्रुसेलोसिसचं लसीकरण; लसीतला जंतू जिवंत, माणसालाही लागतो. घामाने सटकतात म्हणून श्रीनिवासने हातमोजे काढले. मी अडवलं नाही. माझाही गॉगल कपाळावर होता. बावीस नंबरच्या कालवडीने हिसका दिला. सुई त्याच्या अंगठ्यात, उरलेली लस माझ्या डोळ्यात. धुतलं. नोंद केली. तो हसत होता: मॅडम, शिंगं फुटली तर टोपी मोठी द्या.

शुक्रवार, २४ मार्च
श्रीनिवासला संध्याकाळी ताप चढतो, सकाळी उतरतो. शहरात वन-नॉर्थ भागातल्या प्रयोगशाळेत जाऊन दोघांचं रक्त स्वतः तपासलं, गुरांसाठी वापरतो त्याच चाचणीने. निगेटिव्ह. प्रबोध सरांनी कागद फाईलला लावला आणि त्याला चिडवलं, बायकोची आठवण येते, दुसरं काही नाही.

बुधवार, २९ मार्च
चारा टाकता टाकता श्रीनिवास खाली बसला. उठता येईना. शर्ट पिळावा इतका घाम. हॉस्पिटलने माझा कागद पाहून पॅरासिटामॉल दिलं.
माझी कंबर दुखते. उभं राहून असेल.

शनिवार, १ एप्रिल
लसीचं पत्रक पुन्हा वाचलं. लस टोचलेलं जनावर या चाचणीत निगेटिव्हच येतं. खरा रोग वेगळा ओळखता यावा म्हणून तशीच बनवली आहे. म्हणजे जंतू अंगात असला तरी—
चाचणी मी निवडली.
प्रबोध सरांना दाखवलं. म्हणाले, अहो, पत्रक गुरांसाठी असतं. श्रीनिवासचं शुक्रवारचं परतीचं तिकीट काढलंय. कारण: कामचुकार.

सोमवार, ३ एप्रिल
हॉस्पिटल. डॉक्टरांनी माझीच सही माझ्यापुढे धरली. ब्रुसेलोसिसवर नेहमी देतात ते रिफॅम्पिसिन या लसीच्या जंतूवर चालत नाही, हेही मी सांगितलं— कोणी लिहून घेतलं नाही.
संध्याकाळ. श्रीनिवासचे दात वाजत होते. विचारत होता, मॅडम, कागदावर काही नाही, मग मी नाटक करतोय का?

मंगळवार, ४ एप्रिल
घाम. उशीला या तापात येतो तसा ओल्या गवताचा वास— माझाच.
मी सही खोडली. प्रबोध सर झेरॉक्स दाखवतात.
सुलेखा मॅडम, ‘ही चाचणी या लसीचा जंतू ओळखत नाही, रक्तातून जंतू वाढवून पाहा’, एवढंच तुमच्या लेटरहेडवर लिहून हॉस्पिटलला फॅक्स करा. गुरुवार, ६ एप्रिल, दुपारी बाराच्या आत. शुक्रवारी श्रीनिवास विमानात बसला की—