ट्रॉलीवरचं नाव

दिघोरी, २ नोव्हेंबर २०२५

चि. धनंजय यास ताईचे अनेक आशीर्वाद.

फोन केला की तुझी रेंज जाते, म्हणून कागद लिहिते. आसगावला निघालेल्या चिंधूच्या हाती देत आहे, तेव्हा मिळाला नाही असे म्हणायची सोय नाही.

धान वाहायला म्हणून आमचा ट्रॅक्टर नेलास. काल कळले की तो पवनीला तहसीलच्या आवारात विश्रांती घेत आहे, ट्रॉलीत चोरीची वाळू घेऊन. अभिनंदन. आपल्या घराण्यात आजवर कोणाला सरकारी पाहुणचार मिळाला नव्हता.

इथे आमच्या कापलेल्या धानाचे पुंजणे रचून शेतात उभे आहेत. ट्रॅक्टरशिवाय चुरणी होत नाही, दाणा सुटत नाही, गावातले बाकीचे ट्रॅक्टर ज्याच्या त्याच्या धानात गुंतलेत आणि आभाळ भरून आले आहे. पाणी पडले तर धान पुंजण्यातच उगवेल, मग वर्षभर आम्ही तुझी वाळू शिजवून खाऊ. मला खरेच झोप नाही.

शिवाय तुझे भाऊजी पडले नदी बचाव समितीचे अध्यक्ष. शुक्रवारी गावच्या मंडईच्या जत्रेत, नाटकाआधी, वाळूचोर पकडल्याबद्दल त्यांचा सत्कार आहे. त्यांच्याच ट्रॅक्टरने वाळू चोरायला तुला दुसरा मुहूर्त मिळाला नाही? ट्रॅक्टर गॅरेजात असेल, असे ते म्हणतात. बिचाऱ्यांना काही माहीत नसावे. दंड भर, काहीही कर, पण ट्रॅक्टर आण.

लोभ आहेच, पण तो सध्या जप्त समजावा.

तुझी,
कामिनीताई

आसगाव, ४ नोव्हेंबर २०२५

ती. सौ. कामिनीताईस धनंजयचा शि. सा. न. वि. वि.

दंडाची तजवीज तुझा कागद यायच्या आधीच केली. तहसीलला जाऊन गुन्हा कबूल आहे, आता वाहन द्या म्हणालो. तिथल्या मधुकररावांनी विचारले, वाहन कोणाचे? भाऊजींचे. मग मालकानेच यायचे, गुन्हा मान्य करायचा, दंड भरायचा आणि या वाहनाने पुन्हा अवैध वाळू नेणार नाही असे बंधपत्र लिहून द्यायचे, तेव्हाच ट्रॅक्टर सुटतो. साळ्याची सही चालत नाही. साळ्याचे घरीही कुठे काय चालते म्हणा.

आता वाळू कोणासाठी, ते ऐक. तुमच्या मंडईच्या मंचाला प्लास्टर करायचे होते. विकतची वाळू परवडत नाही, येताना वैनगंगेवरून एक ट्रॉली भरून आण, असा फोन खुद्द भाऊजींनी केला. ज्या मंचावर सत्कार, त्याच मंचासाठी. जावयाला नाही म्हणायची आपल्याकडे रीत नाही, म्हणून मी गेलो.

पकडवले कोणी, तेही ऐक. समितीच्या एका सभासदाने घाटावर मागून फोटो काढून ग्रुपवर टाकला. भाऊजींची पद्धत तुला ठाऊक आहे. फोटो न बघताच तहसीलच्या पथकाला पुढे पाठवायचा आणि खाली लिहायचे, कठोर कारवाई व्हावी. तसा पाठवला. ट्रॉलीच्या मागच्या फळीवर हातभर अक्षरांत तुझे नाव आहे ताई, त्यांनीच हौसेने रंगवून घेतलेले. अख्ख्या ग्रुपने ते वाचले, पण अध्यक्षांना सांगायची हिंमत कोणाची होणार? त्याच दिवशी मी त्यांना फोन करून सगळे सांगितले. तेव्हापासून त्यांचीही रेंज जाते.

जप्त लोभाची वाट पाहणारा,
धनंजय

दिघोरी, १० नोव्हेंबर २०२५

चि. धनंजय यास ताईचे अनेक आशीर्वाद.

तुझा कागद मी ह्यांना जेवताना मोठ्याने वाचून दाखवला. अध्यक्षानेच गुन्हा मान्य केला तर समितीची इज्जत जाईल, सत्कार उरकू दे मग बघू, असे म्हणाले. गुरुवारी बुरबुर पाऊस आला. घरात होती तेवढी ताडपत्री आणि माझ्या जुन्या साड्या पुंजण्यांवर टाकून मी घरी आले आणि एवढेच विचारले, "तुमाले शाल पाह्यजे का धान? एकच भेटन."

शुक्रवारी सकाळी हे एसटीने पवनीला गेले. संध्याकाळी मंडई भरली, सत्कारासाठी नाव पुकारले, अध्यक्ष गायब. तेवढ्यात गर्दीतून ट्रॅक्टर आला, चालवत हे. माइकवर कार्यक्रम चालवणारे भय्याजी होते. अध्यक्षांनी आणखी एका चोराचा ट्रॅक्टर पकडून आणला, असे त्यांनी जाहीर करून टाकले. टाळ्या वाजल्या, गळ्यात हार पडला. मग मागच्या लोकांनी ट्रॉलीवरचे नाव वाचले आणि टाळ्या मागून पुढे थांबत आल्या.

धनंजय, हे हार घालून नुसते हसले असते, तरी खपून गेले असते. ह्यांनी हार काढला, माइक मागितला.

"ट्रॅक्टर माहाच हाये. वाळू मीच मागवलो होतो. दंड भरून, लिहून देऊन आणलो."

शाल घडीतच राहिली. बिनप्लास्टरच्या मंचावर नाटक झाले आणि कोणाचे काही अडले नाही. मी बायकांत बसून रडले, नाटक सुरू व्हायच्या आधीच.

शनिवारी चुरणी झाली, धान घरात आले. काल पाऊस आला, येऊ दे. लोक हसतात म्हणून ट्रॉलीवरचे नाव पुसून टाकतो, असे हे म्हणत होते. मी म्हणाले, राहू द्या. पुढच्या वेळी न बघता फोटो पाठवाल, तेव्हा कोणाच्या घरचे धान अडवले ते पथकाला तरी वाचता येईल.

तुझ्यावरच्या लोभाची जप्ती उठवली आहे. बंधपत्र मात्र तूही लिहून दे.

तुझी,
कामिनीताई