कड्यावरचे अकरा सेकंद

तळावरून, ४ मे

ती. दादास,
सा. न. वि. वि.

पोचले. आधी लग्नांची शूटिंगं केली, मग दुसऱ्यांच्या सिनेमांसाठी कॅमेरा पाठीला बांधून बर्फात फरफटले. या वेळी दिग्दर्शनही माझंच, म्हणून झोप उडालीय. उद्या कडा चढायचा. पुढे उस्ताद, ज्याला तू माणूस नव्हे पाल म्हणतोस. खाली त्याचा दोर धरून मी, आणि कॅमेराही माझ्याच हातात, कारण तिसरा गडी तापाने आडवा झालाय. आईला यातलं अवाक्षर सांगू नकोस.

या थंडीत लोभ तेवढा गोठू देऊ नकोस.
तुझी ठमी

घर, ११ मे

चि. ठमीस,
अ. उ. आ.

पेपरात दोन ओळी आल्यात: सिनेमावाल्यांपैकी एक जण कड्यावर जखमी. कोण, ते दिलेलं नाही. तुझा फोन लागत नाही. आईपासून पेपर लपवला, तर तिने शेजारून आणून वाचला. तेव्हापासून घासलेलीच भांडी पुन्हा घासतेय. दोघं धड असाल तर एका ओळीने कळव.

माया करणारा आणि चिडलेला,
दादा

इस्पितळ, १६ मे

ती. दादास,
सा. न. वि. वि.

मी धड आहे. उस्तादचा गुडघा फुटलाय.

त्याचा पाय निसटला. दोराने झेललं, पण तो उलटा लोंबकळत होता आणि वरून दगड सुटत होते. लवकर खाली घे म्हणून तो ओरडला. दोर सोडत खाली घ्यायला दोन्ही हात लागतात. माझ्या एका हातात कॅमेरा होता, आणि चौकट अशी काही जमली होती की मी तो सोडला नाही. अकरा सेकंद. अकराव्याला दगड लागला.

निर्मात्याला सिनेमा याच दृश्याने सुरू करायचाय. बघणाऱ्याला वाटेल, कॅमेरावालीच्या हातात काहीच नव्हतं.

एवढं वाचूनही लोभ उरला, तर कळव.
ठमी

घर, २१ मे

चि. ठमीस,
अ. उ. आ.

राग आला, खोटं कशाला सांगू. आईला वाचून दाखवलं. तिने एवढंच विचारलं, की हे त्याला सांगितलं का हिने. आधी त्याच्यासमोर जा, निर्मात्याचं मग बघू.

लोभ आहे. असलं विचारायचं नसतं.
दादा

इस्पितळ, २९ मे

ती. दादास,
सा. न. वि. वि.

त्याच्या खाटेवरच लॅपटॉप ठेवून दाखवलं. पाहून म्हणाला, पुन्हा लाव. तिसऱ्यांदा ओठ हलवत सेकंद मोजले. शेवटी म्हणाला, दृश्य झकास आहे, ठेव. पण तेव्हा तू काय करत होतीस ते तुझ्याच आवाजात सांग. मी कबूल केलं. निर्माता खवळलाय, खवळू दे.

निघताना धीर करून विचारलं, पुन्हा माझ्यासोबत चढशील का. चढेन म्हणाला. कॅमेरा तूच धर. दोर मात्र दुसऱ्या कुणाच्या हातात असेल.

सोमवारी येते. दार तू उघड.
तुझी ठमी