गिअरचं लाल ऑइल

८ जानेवारी १९९५

वाचलो!

वापीहून सिल्वासाला येताना आज आम्ही दोघंही मेलोच असतो. अक्षर कसं आलंय ते दिसतंच आहे. पुढे कापडाच्या गाठी भरलेला ट्रक रखडत चालला होता. गाडी मस्कतची, स्टिअरिंग डावीकडे — त्यामुळे ट्रकच्या पलीकडचं मला कधीच काही दिसत नाही. म्हणून आमची पद्धत ठरलेली. हे उजवीकडे बसतात, मान बाहेर काढून बघतात, "ये, मोकळं आहे" म्हणतात आणि मग मी घुसते. गाडी आल्यापासून असंच चाललंय. आजही ह्यांनी "ये" म्हटलं. मी पाय दाबला. इंजिन नुसतं ओरडलं, गाडी उचलेचना! आणि समोर टँकर. पुन्हा आत कशी घेतली, माझं मला माहीत नाही.

हे घामाघूम. घरापर्यंत मीच बोलत होते — गिअर सरकतोय, गिअरनेच घात केला असता.

चहा करून दिला तर तोही तसाच. वर साय धरली.

९ जानेवारी

आज वर्गात शिकवताना दोनदा तो टँकर डोळ्यांसमोर आला. मुलांना म्हटलं, वाचा मनातल्या मनात.

ही गाडी बिघडली तर काय, हा विचार जात नाही. ऑटोमॅटिक आहे, क्लच नाही, म्हणूनच मी चालवू शकते. डावा पाय पोलिओने लहानपणीच गेला. पायाला लोखंडी कॅलिपर चढवल्याशिवाय उभीसुद्धा राहत नाही. रघुनाथ मस्कतची नोकरी सोडून परत आला तो ही गाडी घेऊन — जीपसारखी उंच, आत सोफ्यासारख्या गाद्या. म्हणाला, "ताई, दोनच पेडल आहेत, दोन्ही उजव्या पायाची. ही तुझी." माझा धाकटा भाऊ! तोवर मी एकटी कुठे म्हणून गेले नव्हते. रिक्षा, नाहीतर ह्यांच्या स्कूटरची मागची सीट, नाहीतर कुणाचा तरी खांदा. सायली गावातल्या शाळेत बदली मागून घेतली ती ह्याच गाडीच्या जोरावर. गाडी गेली की सायलीची शाळा गेली. आणि मी पुन्हा कुणाच्या तरी खांद्यावर.

रघुनाथला एसटीडीवरून फोन केला. "गिअरचं ऑइल कधी बदललंस?" म्हणाला. मी म्हटलं, दर सर्व्हिसिंगला. "अगं ते इंजिनचं. गिअरचं वेगळं असतं. लाल."

लाल ऑइल! मला कुणी सांगितलंच नाही. आणि मी विज्ञान शिकवते!

११ जानेवारी

भगवंतच्या गॅरेजमध्ये गाडी नेली, हे बरोबर होते. तो धुळ्याकडचा, हात चांगला आहे, पण तोंडाने आधी 'नाही' म्हणतो. एक चक्कर मारून आला. "बाई, गिअर तं चांगला शे. एकदम पाय दाबला का खालचा गिअर घेतो ना, तवा अशीच बोंब मारते गाडी. थोडा टाइम लागतो तिले."

मी म्हटलं, त्या दिवशी आत मी बसले होते, तू नाही.

मग त्याने गिअरचं ऑइल मोजायची काडी ओढून दाखवली. ऑइल लाल कुठलं, उकळलेल्या चहासारखं, आणि करपलेला वास. "जुनं झालं हे, खरंय. पण मी तं म्हणतो हात लावू नका. जुन्या गिअरमधी नवं ऑइल टाकलं का सरकाले लागते. वापीले पाह्यलंय मी."

"बघ," हे म्हणाले, "तोही तेच म्हणतोय. गिअरला काही झालेलं नाही, मालू."

"मग टँकर काय मी बोलावला होता?"

रात्री घरी हे जेवताना ताटाकडे बघत म्हणाले, "विकून टाकू गाडी. तुला महिन्याची रिक्षा लावू."  इतक्या वर्षांत एकदा तरी ह्या माणसाला कळलं का, दार उघडून, आपल्या हाताने किल्ली फिरवून, आपल्याला हवं तिकडे वळणं म्हणजे काय ते? रिक्षा लावतायत! पार्सल आहे का मी?

ऑइल बदलणार. ठरलं.

१४ जानेवारी

संक्रांत. इथल्या लोकांचं उत्तरायण. आमची अख्खी डोकमर्डी वस्ती गच्चीवर, पतंग काटला की नुसता "काप्यो छे!"चा गलका. तिळगूळ द्यायला शेजारचे वाल्मिक आणि त्याची बायको दुर्गा आले. तो जळगावचा, सायलीला ऑइलच्या कंपनीत आहे. सहज विषय काढला तर म्हणतो काय — "मॅडम, लाल ऑइल? ते तं आमीच बनवतो! ड्रमच्या ड्रम भरतो. सुट्टी होईपर्यंत हात लाल."

मी उडालेच. पण गावात एकाही दुकानात मिळत नाही. सगळा माल बाहेर जातो. "तुमाले पायजे तं एक कॅन काढतो ना गेटमधून. वॉचमन आपलाच हाय."

"आणि सोमवारी मुलांपुढे कुठल्या तोंडाने उभी राहू? चोरीचं ऑइल घालून आले म्हणून सांगू?"

दुर्गाने त्याला कोपर मारलं. "म्या म्हटलंच व्हतं, बाई नई ऐकणार." दोघंही हसली.

हे गच्चीवर आले नाहीत. दरवर्षी पोरांच्या बरोबरीने फिरकी धरतात. "ऊन डोळ्यांवर येतं," म्हणे.

१७ जानेवारी

आश्चर्य! हे आपणहून म्हणाले, "मुंबईला मी जातो. ऑइल घेऊन येतो." परवापर्यंत 'विकून टाकू' म्हणणारा माणूस! रजाही टाकून आले. मी दशम्या करून दिल्या.

१९ जानेवारी

आले. दोन डबे आणले. एवढ्याशा कामाला दोन दिवस? "दुकानं शोधत होतो." चेहरा उतरलेला. प्रवास सोसला नसेल.

डबा उलटा करून बघितला तर तळाशी बारीक अक्षरांत — सायली, सिल्वासा! वाल्मिकच्याच कंपनीचा! इथून चार कोसांवर बनलेलं ऑइल मुंबईला जाऊन, तिथून पिशवीत बसून परत आलं. काखेत कळसा नि गावाला वळसा! मी हसून हसून पदर डोळ्यांना लावला. ह्यांच्या हातात डबा दिला. ह्यांनी तो इकडून तिकडे फिरवला, "असेल," म्हणाले आणि ठेवून दिला. असल्या गोष्टीवर आठवडाभर खिदळणारा माणूस! वाल्मिकला मात्र सांगितल्यावर तो हसत पायरीवर बसलाच.

२२ जानेवारी

आज ऑइल बदललं. मी स्टूल टाकून समोरच बसले होते. भगवंतने खालचा बोल्ट सैल केला, घमेल्यात काळपट धार पडली. म्हणाला, निम्मंच येते, बाकीचं आतमधीच राहते, त्याले इलाज नई. मग नवं. कोकम सरबतासारखं लालबुंद! काडी ज्या नळीत असते तिच्यातूनच बारीक नरसाळं लावून ओततात. बघत राहावंसं वाटलं.

शेवटी इंजिन बंद करून, थोडं थांबून, त्याने काडी पुसली आणि बुडवली. खुणेच्या बरंच वर! "जास्ती झालं बाई. जास्ती ऑइल वाईट." म्हणून खालून थोडं काढून टाकलं. पुन्हा बंद इंजिनावर बघितलं — बरोब्बर खुणेवर.

मी त्याला पेढे दिले. हे लांब उभे होते, हाताची घडी घालून.

२३ जानेवारी

संपलं सगळं.

कॉलनीच्या गेटमधून निघाले, ठीक. नाक्यावर वळले आणि इंजिन नुसतं ओरडतंय, गाडी जागची हलत नाही. मग एकदम धक्का, मग पुन्हा काही नाही. चढावर तर मागे यायला लागली! सहासात जणांनी ढकलत घरी आणली. मी आत बसून स्टिअरिंग धरलेलं, बाहेर कामगार "जोर लगा के" करतायत. उतरून ढकलायला मला पाय तरी आहे का?

भगवंत आला, मान हलवून गेला. "म्या बोललो व्हतो बाई. गिअर बसला."

हे म्हणाले, "झालं ते झालं. सायलीच्या एका शेठचा माणूस विचारत होता, देऊन टाकू." आवाजात मला चक्क सुटका ऐकू आली. मग मात्र माझा तोल गेला. "तुम्हाला मी स्कूटरच्या मागे बसलेलीच बरी वाटते! लंगडी आपल्या मुठीत राहिलेली बरी!"

बोलायला नको होतं. बोलले.

ह्यांनी चपला घातल्या आणि फिरायला गेले. ती स्कूटरसुद्धा दिवाळीपासून ताडपत्रीखालीच आहे. ऑफिसला चालत जातात — व्यायाम म्हणे. म्हणजे तीही सीट गेली!

२४ जानेवारी

रिक्षाने शाळेत. चढताना एकाने हात धरला, उतरताना दुसऱ्याने. दोघेही भले लोक. मला दोघांचाही राग आला.

२६ जानेवारी

लिहायला उशीर झाला, पण लिहिणारच!

शाळेत झेंडावंदन झाल्यावर पाहुण्यांना बागेतला नवा फवारा दाखवायचा होता. झिपरू माळ्याला कुणीतरी दटावलेलं — हौद काठोकाठ भरलेला दिसला पाहिजे. म्हणून त्याने फवारा चालू असतानाच नळी लावून हौद पार काठापर्यंत भरला. भाषणासाठी फवारा बंद केला, तर वरच्या थाळ्यांतलं सगळं पाणी खाली आलं, हौद उतू गेला आणि पहिल्या रांगेचे बूट भिजले! सगळे झिपरूवर ओरडायला लागले.

मी तिथेच उभी. हसूही येईना. डोक्यात लख्ख पडलं. फवारा चालू — पाणी वर, हौद कमी. फवारा बंद — पाणी खाली, हौद भरलेला. अगं बाई! गिअरमध्येही तेच! इंजिन चालू असलं की ऑइल वर फिरायला जातं. बंद केलं की सगळं खाली उतरतं आणि काडीला 'जास्ती' दिसतं. आम्ही बंद इंजिनावर बघितलं आणि हवं असलेलं ऑइल काढून टाकलं! गिअर बसला नाही, उपाशी आहे!

भगवंतला घरी बोलावलं, पण तो ऐकेना. "बाई, चालू इंजिनमधी ऑइल कोनी पाहतं का? जिंदगी गेली आपली." खरं आहे, इथे सगळे इंजिनचं ऑइल बंद करूनच बघतात, तीच सवय हाताला. मी म्हटलं, माझ्या जबाबदारीवर बघ. गाडी तापवली, चालू ठेवली, काडी ओढली. कोरडी! त्याने काडीकडे बघितलं, मग माझ्याकडे. "च्या मायले!" म्हणाला आणि लगेच जीभ चावली.

उरलेल्या डब्यातलं ओतलं, चालू इंजिनावर खुणेपर्यंत आणलं. पुढे जायचा 'डी' गिअर टाकला. गाडी लोण्यातून सुरी जावी तशी निघाली. नाक्यापर्यंत गेले, वळले, चढ चढले. एकटी. गाडीतच रडले थोडं.

ह्यांना सांगितलं. "छान झालं," म्हणाले. नुसतं एवढंच. त्या दिवशीच्या बोलण्याची माफी मागायची होती, पण हे 'छान झालं' ऐकून तीही गिळली.

२९ जानेवारी

मुद्दाम वापीला निघालो. गिअर काय सुरेख घेतोय! दादरा गावाच्या पुढे ट्रक लागला. मी म्हटलं, "बघा हो." काही नाही. "अहो, मोकळं आहे का?" काही नाही. मान बाहेर काढली, आत घेतली. तिसऱ्यांदा विचारलं तर म्हणाले, "राहू दे. मागेच राहा."

"आता तर गिअर ठणठणीत आहे! अजून कशाला भ्यायचं?"

 वापीपर्यंत त्या ट्रकचा धूर खात गेलो. इतकं करून ह्यांना माझा गिअर नको, माझी गाडी नको, माझं चालवणंच नको आहे. 

३० जानेवारी

सकाळी ह्यांनी चहा केला. माझ्या कपाच्या बाजूला, टेबलावर ओतला. आणि तसेच किटली धरून उभे राहिले.

मग सांगितलं — ह्यांना उजव्या डोळ्याने दिवाळीपासून दिसत नाही. काचबिंदू. मुंबईचे दोन दिवस त्यातच गेले. डावाही अंधुक आहे, पण लवकर ऑपरेशन केलं तर वाचेल, असं तिथले डॉक्टर म्हणालेत.

"त्या दिवशी टँकर मला दिसलाच नव्हता, मालू. गिअर बरोबर होता. तू गिअरला बोल लावलास आणि मला सुटल्यासारखं झालं."

उद्या वलसाडला डोळ्यांच्या डॉक्टरकडे. मी नेणार. वाटेत लागू देत हवे तेवढे ट्रक — मागेच राहीन.