आल्स तू

मंगळवार, ८ एप्रिल

आल्स म्हटलं मी! आल्स! फोनमधल्या बाई, तुम्ही ‘दान’ कुठून आणलंत?

रूल्फने हा फोन दिला आणि म्हणाला, “आई, बटण दाबायचं नि बोलायचं. तो लिहून घेतो. मनातलं बोल, मोकळं वाटेल.” मला अक्षर येत नाही हे पोराला ठाऊक आहे. काल पहिल्यांदा बोलले. आज ते वाचून दाखवायला लावलं. आतून एक बाई निघाली. आवाज असा, की आयुष्यात कधी बटाटा सोललेला नसावा. मी म्हटलं होतं, “रूल्फ जास्त आळशी आहे आल्स त्याचा बाप.” बाईंनी वाचलं, “जास्त आळशी आहे दान त्याचा बाप.”

म्हणजे ही दुसरी सून आली घरात.

पहिली सून, रूल्फची बायको यान्टीन, शाळेत डच भाषा शिकवते. तिच्यासमोर एकाचं दुसऱ्याहून जास्त-कमी सांगायचं झालं आणि तोंडातून आल्स निघालं, की टेबलाच्या पलीकडून येतंच — “दान, आई, दान.” मिठाची बाटली सरकवावी तसं. तिचं म्हणणं, जास्त-कमी सांगायचं तर दान, म्हणजे ‘त्याच्याहून’मधलं ‘हून’. आल्स म्हणजे ‘जेव्हा’. नाहीतर ‘सारखं’. आम्ही बोटीवरची माणसं सगळ्यालाच आल्स म्हणत आलो. बोटीत जागा कमी, एका शब्दात तिघांना झोपवायचं!

गोष्ट साधी आहे. अ‍ॅमस्टरडॅमचा एक माणूस आमची बोट मागतोय. आत पलंग मांडून पाहुण्यांना भाड्याने देणार म्हणे. एक मेला उत्तर हवंय त्याला. बोट माझ्या नावावर आहे. रूल्फ म्हणतो, “तू सांगशील ते.”

सांगितलं की. वीक म्हटलं. कारण बाईंना उद्या सांगेन.

बुधवार, ९ एप्रिल

नाही सांगत.

शुक्रवार, ११ एप्रिल

बरं, ऐका. कुठे बोलायचं नाही.

फेब्रुवारीत हार्म, माझा नवरा, दवाखान्यात होता, शेवटचा. खिडकीतून कालवा दिसायचा, म्हणून खूश होता. दुपारी मी शेजारी बसले होते, मोज्याची टाच विणत. तो बाहेर बघत होता. एकदम म्हणाला, “बोट मला जास्त लाडकी, आल्स तू —”

आणि तेवढ्यात कॉफीची गाडी. “कॉफी घेणार का कोणी? दूध? साखर?” ती पोरगी इतकी हसतमुख, की तिला मारताही येईना. कॉफी झाली, हार्मचा डोळा लागला. दुसऱ्या दिवशी गेला.

आता आल्स तू म्हणजे काय? तुझ्याहून. दुसरं काय असणार? लग्न झाल्यापासून मी त्याच्या बोटीवर. सुकाणू मी धरलं, इंजिन त्याने. पोर बोटीवर झालं, रांगायला लागल्यावर कमरेला दोरी बांधून वाढवलं. आणि जाताना माणूस म्हणतो, ती जास्त लाडकी! सवतीचं नाव तरी काय — ‘एकमत’. त्याच्या बापाने ठेवलेलं. आमच्यात एकमत तेवढं त्या पाटीवर होतं.

म्हणून म्हटलं, वीक. जाऊ दे सवत अ‍ॅमस्टरडॅमला. नखरे करू दे तिथे.

आज यान्टीन भांडी पुसताना म्हणाली, “आई, खरं कारण सांगा. तुम्ही रोज धक्क्यावर जाऊन तिला बघून येता, आणि विकायला निघालात?” मला राग आला होता कशाचा तरी. सांगून टाकलं.

ती पुसायची थांबली. “बाबा नक्की आल्स म्हणाले? दान नाही?”

“आल्स.”

“मग झालं तर! दान म्हणाले असते तर ‘तुझ्याहून’. आल्स म्हणजे ‘जेव्हा’. बोट मला जास्त लाडकी, जेव्हा तू... असं होतं ते, आई. जेव्हा तू सुकाणूवर असतेस. नाहीतर जेव्हा तू बरोबर असतेस. वाक्य अर्धं राहिलं!”

ताट पडलं असतं हातातून.

“अगं, पण हार्म जन्मात कधी दान म्हणाला नाही. तूच त्याला टोकत होतीस की!”

“म्हणून काय झालं? एकदा तरी बरोबर बोलले असतील ना!”

घ्या. इतकी वर्षं ज्या नियमाला मी नाक मुरडलं, त्यानेच आता माझ्या गळ्यात हात टाकलाय. खरा की खोटा?

शनिवार, १२ एप्रिल

मोहरीचं सूप करपलं. माझं! दोघं गुपचूप जेवली. त्याचीच जास्त भीती वाटली.

रविवार, १३ एप्रिल

आता रूल्फलाही कळलंय. नवरा-बायकोत काही राहत नाही पोटात, आमच्यासारखं नाही. कॉफीला बसलो. यान्टीनने प्रत्येकाला एकेक बिस्किट दिलं आणि डब्याचं झाकण लावलं.

रूल्फ म्हणाला, “आई, तेव्हा बाबांचे दात कुठे होते?”

“कपात.”

“मग ते ‘जास्त’ म्हणालेच नाहीत! दात नसताना त्यांना ‘जास्त’ म्हणता यायचं नाही. ‘बोट मला लाडकी, आल्स तू’ म्हणाले असणार. म्हणजे तुझ्यासारखी. तू तशीच ती. दोघी सारख्या.”

“मी ऐकलं ना ‘जास्त’!”

“तू विणत होतीस.”

“मी कानांनी नाही विणत!”

यान्टीन म्हणे, “सारखी म्हणायचं तर आधी ‘इतकी’ हवं. इतकी लाडकी आल्स तू.” रूल्फ म्हणे, “मरायला टेकलेला माणूस इतकं-तितकं बघतो का?” दोघांची जुंपली. मी त्या गडबडीत डबा उघडून दुसरं बिस्किट घेतलं. कुणाला कळलं नाही.

म्हणजे आता तीन अर्थ झाले. माझ्याहून, मी असताना, माझ्यासारखी. शुक्रवारपर्यंत एकच होता. दुखत होता, पण एक होता.

बोटीवरची पोर मी. दगड-बटाटे उतरवायला बोट जिथे थांबेल तिथली शाळा. मास्तर मागच्या बाकावर बसवायचे आणि पहिलं पान उघडायचे. दुसरं पान यायच्या आत बोट सुटायची. पुढच्या गावात पुन्हा पहिलं पान. त्या पानावरचं जहाजाचं चित्र अजून आठवतं. हा आल्स-दानचा नियम दुसऱ्या पानावर असणार.

बुधवार, १६ एप्रिल

विन्सुमला जाऊन आले. रूल्फने गाडीतून नेलं, तोंड पाडून.

हार्मच्या शेजारच्या खाटेवर एबेल नावाचा शेतकरी होता. तो बरा होऊन घरी गेला, चिवट आहे. म्हटलं, त्याने ऐकलं असेल. मी नसताना हार्मने वाक्य पुरं केलं असेल. अर्धं सोडायची सवय नव्हती त्याला, जेवण काय नि भांडण काय.

एबेल खुर्चीत, ब्लँकेट पांघरून. एक कान गेलाय, दुसरा लहरी. मी ओरडून विचारलं. त्याचा चेहरा उजळला.

“हो हो! म्हणाला होता ना! बोट बरी आल्स बायको — बोट उलटून बोलत नाही!”

आणि खो खो हसला. रूल्फ छताकडे बघायला लागला.

तेवढ्यात आतून त्याची बायको केक घेऊन आली. “काय रे, काय सांगतोस त्यांना?” पुन्हा सांगितलं त्याने. ती म्हणाली, “अरे मेल्या, ते तू म्हणतोस! ट्रॅक्टरबद्दल! लग्नापासून ऐकतेय मी!”

“मी म्हणतो?”

“तूच!”

“मग तो काय म्हणाला?”

“मला काय विचारतोस? तू होतास तिथे!”

एबेलने ब्लँकेट वर ओढलं. मग म्हणाला, “सूप फार गार असतं, असं म्हणाला होता.”

केक चांगला होता. येताना रूल्फला म्हटलं, हसलास तर उतरून चालत जाईन. हसला. नाही उतरले.

शुक्रवार, १८ एप्रिल

फोनमधल्या बाईंनाच विचारलं, तुम्हाला काय वाटतं? बाई म्हणाल्या, “मला समजलं नाही. कृपया पुन्हा बोला.”

घरात एवढं प्रामाणिक उत्तर अजून कोणी दिलं नव्हतं.

मंगळवार, २२ एप्रिल

आज यान्टीनबरोबर बोटीवर गेले, सामान काढायला. विकायची की नाही हे ठरेना, पण पडदे आणि हार्मची टोपी त्या माणसाला मी देणार नव्हते.

बोटीवर चढायची फळी ओली होती. त्या फळीवरून मी पोर कडेवर घेऊन, बटाट्याची टोपली घेऊन, एकदा तर डुक्कर घेऊन गेलेय. आज पाय सरकला. खाली काळं पाणी दिसलं. यान्टीनने मागून कोट धरला आणि अशी ओरडली, की पलीकडच्या काठावरचा कुत्रा भुंकायला लागला —

“तुम्हाला अक्कल कमी आहे आल्स तीन वर्षांचं पोर!”

दोघी फळीवर, एकमेकींना धरून. मी म्हटलं, “दान, यान्टीन. दान.”

आधी तिला कळेना. मग कळलं. मग आम्ही इतक्या हसलो, की पुन्हा पडायची वेळ आली. तिच्या डोळ्यांत पाणी होतं. हसण्याचं असेल. माझा कोट मात्र तिने बोटीत आत जाईपर्यंत सोडला नाही.

आत बसलो. चुलीपाशी अजून हार्मच्या तंबाखूचा वास. मी टोपी मांडीवर घेतली आणि एकदम कळलं. तिलाही कळलं असावं, कारण ती खिडकीबाहेर बघायला लागली.

यान्टीनसारखी यान्टीन, जिवावर आलं तेव्हा आल्स म्हणाली. नियम पाण्यात गेला, कोट धरला. मग हार्म तर जात होता. तो काय नियमाने बोलणार? म्हणजे तुझ्याहून. माझा पहिलाच अर्थ खरा.

ती हळूच म्हणाली, “आई, मी घाबरून बोलले. त्यावरून बाबांचं ठरवू नका.”

“तू मनापासून बोललीस, पोरी. तेच तर.”

“मग मी पुन्हा म्हणते, दान. दान! झालं?”

चांगली आहे गं पोर. पण बोललेला शब्द कोटासारखा मागून धरून ठेवता येत नाही.

शनिवार, २६ एप्रिल

राजाचा वाढदिवस. गावभर केशरी टोप्या, रस्त्यावर जुन्या वस्तूंची दुकानं. पोरं आपापली खेळणी विकतात आणि विकली गेली की रडतात. बघत उभी राहिले.

रूल्फला सांगितलं, विकायची. नक्की.

रविवार, २७ एप्रिल

नक्की नाही.

बुधवार, ३० एप्रिल

हार्म, तुझ्यावर इतका राग मला तू जिवंत असताना आला नाही. तेव्हा निदान विचारता यायचं — काय म्हणालास? आणि तू म्हणायचास, काही नाही. आणि संपायचं.

कॉफी नको म्हणून त्या पोरीला एका शब्दात परत पाठवली असती, तर? पण तू हो म्हणालास. दूध घालून.

उद्या अ‍ॅमस्टरडॅमचा माणूस येतोय. मी विकतेय. सवतीबरोबर एका घरात राहिले, आता नवरा गेल्यावर तिला सांभाळणार नाही. यान्टीनने मला आज दिवसभर एकदाही टोकलं नाही. आजारी माणसाला वागवतात तशी वागतेय.

गुरुवार, १ मे. बोटीवरून.

त्या माणसाला इंजिन चालतं का ते बघायचं होतं. रूल्फला सुरू होईना. मी खाली जाऊन दोन लाथा घातल्या, झालं. मग कोणीतरी सुकाणू धरायला हवं होतं. धरलं. खालची धडधड पायांतून वर चढली. वळण आलं, उचलता पूल आला, पूलवाल्याने हात केला, पाणी समोर असं उघडत गेलं... आणि दामस्टर कालव्याच्या टोकाला पोचल्यावर लक्षात आलं, निघाल्यापासून हार्मची एकदाही आठवण झाली नाही मेल्याची! माझा नवरा जाऊन तीन महिने नाही झाले आणि मी गात होते!

त्या माणसाला म्हटलं, बोट विकायची नाही. रूल्फने विचारलं, का? यान्टीनने त्याला कोपराने ढोसलं.

हार्म, मलाही रे. बोट मला जास्त लाडकी, आल्स तू.

बाई, दुरुस्त करू नका. आणि इथे पूर्णविराम द्या. वाक्य तेव्हाही पूर्णच होतं.