क्लिफर्डला वाक्य कोणी द्यायचे

मी, हिल्डा मेरी थ्वेट, वय त्र्याऐंशी, निवृत्त गणित शिक्षिका, राहणार शिप्ली, यॉर्कशर, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. माझी बुद्धी ठिकाणावर आहे. डॉक्टरांनी तसे लिहून दिले आहे. हृदय उन्हाळ्यापर्यंत टिकेल असे मात्र त्यांना वाटत नाही. आधीचे मृत्युपत्र रद्द समजावे.

१. घर विकून येणारी रक्कम माझे पती क्लिफर्ड यांच्या शुश्रूषागृहातील देखभालीसाठी आहे. व्यवहार माझी भाची जॅनिस हिने पाहावा.

२. बागेची अवजारे शेजारी एम्स्ली यांना. त्यांनी नेलेली शिडीही आता त्यांचीच.

३. टीव्ही नणंद मार्जरीला. क्लिफर्ड यांनी एकेचाळीस वर्षे मालिकांतून कामे केली: नऊ हवालदार, चार पाद्री, दोन प्रेते, एक डॉक्टर. दर नाताळात जेवताना मार्जरी विचारी, "काय रे क्लिफ, यंदा जिवंत आहेस की चादरीखाली?" सगळे हसत. तेही हसत. मी कधी हसले नाही, हे तिला कळवावे.

४. संहितांची पेटी जॅनिसला, पुढील अटीवर.

रात्रीचे जेवण झाले की स्वयंपाकघरातल्या टेबलाशी मी इतर सगळ्या पात्रांची वाक्ये वाचत असे. क्लिफर्ड आपली बोलत. माझा एक शब्द इकडचा तिकडे झाला तरी ते थांबत. "हिल्डा, त्या शब्दाशिवाय माझं तोंड उघडत नाही." आता ते मला ओळखत नाहीत. पण संहितेतले वाक्य दिले की उत्तर येते, अगदी स्वच्छ आवाजात. त्यांचे एवढेच बोलणे उरले आहे.

जॅनिसने एकदा आपल्या मनाने शब्द बदलून वाचले. ते दुपारभर तोंड किंचित उघडे ठेवून वाट पाहत बसले.

ती म्हणाली, "मावशी, त्यांना काय कळतंय त्यातलं?"

"ते मला माहीत नाही. जसं लिहिलंय तसंच तू वाच."

तिने दर गुरुवारी शुश्रूषागृहात जावे आणि लाल पेन्सिलीने खूण केलेली वाक्ये अक्षरशः द्यावीत.

५. माझ्या मृत्यूची बातमी त्यांना कशी द्यावी, हे मला ठरवता आलेले नाही. त्यांना ती कळणार नाही, किंवा दहा मिनिटे कळेल आणि मग पुन्हा सांगावी लागेल. रुग्णालयाच्या एका मालिकेत ते डॉक्टर झाले होते, एकाच प्रसंगापुरते. त्या संहितेचे सोळावे पान मी आजवर टाळले आहे. अंत्यविधीनंतर जॅनिसने तेच काढावे आणि विचारावे, "डॉक्टर, आत काय झालं?"

ते चष्मा काढतील आणि म्हणतील, "त्या गेल्या. त्रास झाला नाही. तुम्ही जरा बसा."

तिने बसावे.

सही: हिल्डा मेरी थ्वेट
साक्षीदार, आम्हां दोघांसमक्ष सही झाली: रेजिनल्ड ऑटी, ग्रंथपाल, युनिस बूथरॉइड, परिचारिका
शिप्ली, १४ नोव्हेंबर २०२२

ता. क. जॅनिसला यात वाटा असल्याने साक्षीदार म्हणून तिची सही मी घेतलेली नाही. ती आत सोळावे पान मोठ्याने वाचत आहे. अजून एक शब्द चुकतो.